सहाव्या चित्रावरची सही

१

चित्रकार हिंदुराव खलाटे मरून पडले होते, आणि मोहनराव फौजदारांना पडलेला प्रश्न असा होता, की चित्र उभं की आडवं.

“मास्तर, ह्याची वरची बाजू कुठली?”

पंचनाम्यात खोलीतली वस्तू न् वस्तू लिहावी लागते. खुर्ची एक, स्टोव्ह एक, मयत एक, इथवर हवालदाराचा टाक सुरळीत चालला होता. चित्रं आली आणि टाक अडला. तेवढ्यात दुपारच्या एसटीतून दत्तोबा मास्तर सणसरात उतरले. बारामतीच्या शाळेत ड्रॉइंग शिकवणारा माणूस आयता सापडल्यावर फौजदार त्याला कशाला सोडतात?

मास्तर आले होते ते जिवंत हिंदुरावांना भेटायला. खिशात त्यांचं पत्र होतं. ‘सहा चित्रं शुक्रवारी मुंबईला निघतील. त्याआधी येऊन पाहून जा. जळफळाट वाटेत उरकू नकोस, माझ्यासमोर कर.’

तीस वर्षांपूर्वी दोघं मुंबईच्या चित्रशाळेत एका बाकावर बसत. शेवटच्या परीक्षेत हिंदुराव पहिले आले आणि मास्तर दुसरे. पहिल्याला सुवर्णपदक मिळालं. दुसऱ्याला छापील कागद मिळाला, तो पुढं वाळवीनं खाल्ला. हिंदुराव पॅरिसला गेले, मास्तर बारामतीला. पुढं दोघांनीही जन्मभर गोलच काढले. मास्तरांचे फळ्यावरून रोज पुसले गेले, हिंदुरावांचे दिवाणखान्यांत टांगले गेले. मधे मुंबईत हिंदुरावांचं काही चालेना. पाच वर्षं एक चित्र कुणी घेतलं नाही, तेव्हा ते गावी परतले. भवानीनगरचा कारखाना सुरू झाल्यानं खलाट्यांचं गुऱ्हाळ ओस पडलं होतं. तिथं त्यांनी आतून कडी लावून चित्रं काढायला घेतली, आणि दोन वर्षांत त्यांची मातीच्या रंगांची चित्रं देशभर गाजली. पुरुषभर उंचीच्या कापडावर गेरूचे, काळ्या मातीचे जाड अर्धगोल, एकाला एक लागून. मुंबईच्या एका टीकाकारानं त्यात पृथ्वीचा श्वास ऐकला. सणसरात कुणी काही ऐकलं नाही. पण हिंदुरावांनी गावाचं नाव काढलं, हे मात्र जो तो म्हणायचा.

“आडवं लिहा,” मास्तर म्हणाले. उभं असतं तरी त्यांनी आडवंच सांगितलं असतं.

मग ते जवळ गेले. पाच चित्रांवर उजव्या कोपऱ्यात ‘खलाटे’ अशी टपोरी सही होती. सहाव्यावर ती डाव्या कोपऱ्यात होती, आणि अर्धीच.

‘खल’.

एवढं लिहून चित्रकार खुर्चीत बसले होते, तोंडाला फेस आला होता, आणि संपले होते.

२

“खुनी सापडलाय,” फौजदार म्हणाले. “तुम्ही फक्त वर्णन द्या. पाच वाजताच्या गाडीनं मी ह्याला घेऊन जाणार.”

‘हा’ म्हणजे गेणू, हिंदुरावांचा धाकटा भाऊ. दाराशी उकिडवा बसला होता, दोन्ही हात दोरीनं बांधलेले. त्याची बायको ठमाबाई मांडीवर पोर घेऊन भिंतीला टेकली होती. रडून तिचा आवाज गेला होता, त्यामुळे तपासात व्यत्यय येत नव्हता.

फौजदारांचा हिशेब सरळ होता. साडेदहाला चहा कोणी आणून दिला? गेणूनं. उसावर फवारायच्या औषधाची बाटली कोणाच्या फळीवर? गेणूच्या. तिचं बूच काढलेलं. आणि गुऱ्हाळ भावानं बळकावलं म्हणून चावडीवर बोंब कोणी मारली होती? तीही गेणूनंच.

“मास्तर, आईच्यान सांगतो,” गेणू म्हणाला, “दादाला च्या दिला अन् उसाची गाडी घिऊन कारखान्यावर ग्येलो. तवा जिता व्हता त्यो. पाच सह्या झाल्या, एक ऱ्हायली म्हनला. ब्रश चाटत बसला व्हता.”

“चाटत?”

“व्हय. एकेका अक्षराला तीन तीनदा चाटायचा. मागं सरायचा, बघायचा, पुन्ना चाटायचा.”

मास्तरांना हसू आलं. चित्रशाळेत त्यांचे शिक्षक ह्याच सवयीसाठी दोघांच्या बोटांवर पट्टी मारत. ब्रश चाटला की त्याला टोक येतं, आणि रंगातलं विष पोटात जातं. टोक लगेच दिसतं, विष नंतर, म्हणून कुठलाच विद्यार्थी ऐकत नसे.

कप तसाच होता, बशीवर, तळाशी चहाचा डाग.

“उरलेला चहा कोणी सांडला?”

“सांडला नाही. मी आलो तेव्हा ते मांजर पीत होतं,” हवालदार म्हणाला.

खिडकीत एक पिवळं मांजर बसलं होतं. पंजा चाटून तोंड धूत होतं. तब्येत उत्तम. पंचनाम्यात त्याचा उल्लेख नव्हता.

“मोहनराव,” मास्तर म्हणाले, “तुमचा खुनी गेला.”

“गेला कसला, हा काय बसलाय.”

“विष चहात नव्हतं.”

फौजदारांनी मांजराकडं पाहिलं. मांजरानं फौजदारांकडं पाहिलं.

“मांजराला पचलं असेल,” फौजदार म्हणाले. “पाच वाजेपर्यंत दुसरा माणूस द्या. नाहीतर हाच.”

३

विजयमालाबाई काळा चष्मा लावून चित्रांपाशी उभ्या होत्या. मुंबईत हिंदुरावांची प्रदर्शनं त्याच भरवत. सणसरच्या बायका त्यांना बाईसाहेब म्हणत, आणि त्यांची पाठ वळली की दुसरं काहीतरी. आज त्या आगगाडीनं बारामतीला उतरून मास्तरांच्याच एसटीत बसल्या होत्या, पुढच्या बाकावर, नाकाला रुमाल लावून. तेव्हा त्यांनी काही केलं असतं, तर त्याला साक्षीदार खुद्द मास्तर होते.

“हिंदू गेला,” त्या म्हणाल्या. “आता किंमत वाढेल.” आणि मग रडल्या. क्रम असाच होता.

मास्तर टेबलावरचे ब्रश उचलून पाहू लागले.

“हात लावू नका! त्याच्या ब्रशना मीसुद्धा हात लावत नसे.”

“तोही लावत नसावा,” मास्तर म्हणाले.

नवा ब्रश दुकानातून येतो तेव्हा त्याचे केस डिंकानं चिकटवलेले असतात. पहिल्यांदा बुडवला की डिंक सुटतो. टेबलावर बावीस ब्रश होते. बावीसच्या बावीस खडखडीत. जगप्रसिद्ध चित्रकारानं दोन वर्षांत एकही भिजवला नव्हता. झिजलेला होता तो एकच, तेविसावा, बारीक, सहीचा, खाली पडलेला.

मास्तरांनी तो नाकाशी नेला.

“लसूण,” ते म्हणाले.

फौजदारांनी गेणूची बाटली हुंगली. “हिलाही तोच वास. लसणाची चटणी!”

“पण एवढा वास हिंदूला कसा आला नाही?”

“त्याचं नाक टर्पेंटाइननं कधीच गेलं होतं,” विजयमालाबाई म्हणाल्या. “पॅरिसचं अत्तर आणि इथलं शेण, त्याला सारखंच.”

मास्तरांच्या मनात विष, ब्रश, मयत काही राहिलं नाही. बावीस कोरे ब्रश! हिंदू खलाटे चित्रं काढत नव्हता. तो फक्त सही करत होता. गेल्या तीस वर्षांत मास्तरांना एवढा आनंद झाला नव्हता.

मग काढत कोण होतं?

४

हिंदुरावांची लग्नाची बायको पलीकडच्या घरात राहत होती. तिचं नाव द्वारकाबाई. लग्नानंतर चार महिन्यांनी नवरा पॅरिसला गेला, तो परत आला मुंबईपर्यंतच. गावी आल्यावरही त्यानं तिच्या ओसरीवर पाऊल ठेवलं नव्हतं, आणि तिनं गुऱ्हाळात. कुंकू मात्र आज सकाळपर्यंत रुपयाएवढं लावत होती.

“बसा भावजी,” ती म्हणाली. “च्या टाक गं, नकोशे.”

“हे नाव कोणी ठेवलं, वहिनी?”

“तिच्या बापानंच की. पोरगी झाली म्हून कार्ड धाडलं पॅरिसला. तिकडनं उत्तर आलं, ‘मुलगी नको होती.’ सासू म्हनली, बापाच्या तोंडून आलंया, त्येच ठिवा.”

नकोशी चहा घेऊन आली. चोवीस वर्षांची, रुंद खांद्यांची, न बोलणारी. उजव्या हातानं कप ठेवला. उजव्या हातानं पदर सावरला. डाव्या मनगटावर करंगळीएवढा जुना डाग होता.

“भाजलं वाटतं?”

“डावरी व्हती,” द्वारकाबाईनं सांगितलं, सगळ्या आया सांगतात तसं. “डाव्या हातानं जेवाया बसायची. देवाला फूल बी डाव्यानं. चिमटा तापवून ठिवला एकदाच. सुटली सवय.”

“सगळी?”

“शेणामातीत कुठला हात घातला त्ये कोन बघतंय?”

मास्तरांनी कप तोंडाला लावला आणि नजर खाली गेली. ओसरी ताजी सारवलेली होती. सारवणाचा हात शरीराकडून बाहेर जातो. उजव्या हाताचा फराटा उजवीकडं संपतो, आणि संपतो तिथं बोटांची वळं उमटतात.

“ओसरी कोणी सारवली, वहिनी?”

“म्या.”

इथली वळं उजवीकडं होती. एकूण एक.

मास्तरांनी चहा अर्धा टाकला आणि ते गुऱ्हाळाकडं जवळजवळ पळत सुटले.

५

पाचाला पंचवीस मिनिटं होती.

गुऱ्हाळाची जमीन सारवलेली होती. तिथली वळं डावीकडं संपत होती. मास्तरांनी मान वर केली. भिंतीला टेकलेली सहा चित्रं, गेरूचे अर्धगोल, काळ्या मातीचे अर्धगोल. पृथ्वीचा श्वास. आणि प्रत्येक श्वासाच्या डाव्या टोकाला चार बोटांची वळं.

हिंदुराव उजव्या हाताचे होते. एका बाकावर बसून त्या उजव्या कोपराचे टोले मास्तरांनी तीन वर्षं खाल्ले होते.

मग त्यांनी एकेक चित्र हुंगलं. ते पाहून फौजदारांनी कपाळाला हात लावला. पहिल्या पाच सह्यांना नुसता तेलाचा वास होता. सहावीला, ‘खल’ला, लसणाचा. म्हणजे पाच सह्या होईपर्यंत ब्रश स्वच्छ होता. विष लागलं चहाच्या वेळी, पाचवी आणि सहावी ह्यांच्या मधे.

तेवढ्यात उन्हाचा कवडसा तिरपा आला आणि मास्तरांना आणखी एक गोष्ट दिसली. ‘खल’च्या खालची जागा सुरीनं खरवडलेली होती. कोणीतरी तिथं आधी काहीतरी लिहिलं होतं. रेषा गेल्या होत्या, पण दाब राहिला होता. आधी ‘न’ लागला, आणि बरंच पुढं ‘शी’.

“मोहनराव, गाव गोळा करा,” मास्तर म्हणाले. आवाज आनंदानं चिरकत होता. “सगळ्यांना ऐकू द्या.”

६

गाव आधीच गोळा झालेलं होतं, फक्त आत यायचं राहिलं होतं.

शाळेत फळ्यासमोर उभे राहत तसे मास्तर चित्रांसमोर उभे राहिले. मांजर सांगितलं. ब्रश सांगितले. ओसरीची वळं आणि गुऱ्हाळाची वळं सांगितली. बायका एकमेकींच्या हातांकडं बघू लागल्या.

“तुमच्या हिंदुरावांनी गावाचं नाव काढलं म्हणता? चित्र काढलं नाही एकही! ही सगळी सारवणं आहेत. आणि सारवणारा हात डावा आहे!”

“हे सगळं खोटं आहे,” विजयमालाबाई म्हणाल्या. पण बोलताना त्यांनी काळा चष्मा काढला, आणि डोळे मुळीच चकित झालेले नव्हते.

“ज्याला वाटत होतं की हिंदू स्वतः रंगवतो,” मास्तरांना आता थांबवणं शक्य नव्हतं, “तो कुठल्या ब्रशला विष लावणार? तेवीस ब्रश! पण ज्याला माहीत होतं, की हा माणूस फक्त सहीपुरता ब्रश धरतो—”

“म्या मारलं!”

द्वारकाबाई उठून उभी होती. पदर खांद्यावरून गेलेला, कपाळ पुसलेलं. “म्या मारलं त्येला. पंचवीस वरसं जाळलं मला. घाला बेड्या.”

फौजदार पुढं सरकले. आणि मास्तरांनी, तीस वर्षं चुकीची उत्तरं ऐकण्याची सवय झालेल्या माणसानं, विचारलं:

“विष कशात घातलंत, वहिनी?”

“च्यात.”

“चूक!” मास्तर म्हणाले.

शब्द बाहेर पडला आणि मग त्यांना कळलं. आपण काय केलं ते कळलं, आणि ती कोणासाठी उभी राहिली होती तेही.

पण मोहनराव फौजदार मंद नव्हते, फक्त घाईत होते. “म्हणजे हिला माहीत नाही,” ते सावकाश म्हणाले. “गेणू भावाला चित्रकार समजत होता. बाईसाहेब वाटेत. मग चहाच्या वेळी इथं कोण होतं? मास्तर, हिंदुरावांची चित्रं कोण काढत होतं?”

मास्तरांना आयुष्यात पहिल्यांदाच प्रश्नाचं उत्तर येत होतं आणि द्यायचं नव्हतं.

“म्या,” मागून आवाज आला.

७

नकोशी पुढं आली. आधी तिनं काकाच्या हातांची दोरी सोडली, कोणाला न विचारता, डाव्या हातानं.

“शेन न्हाय त्यात,” ती म्हणाली. “गेरू, माती अन् जवसाचं तेल. पयला इथली भुई सारवली तवा त्यो बघत बसला. मंग कापड हातरलं अन् म्हनला, ह्याच्यावर कर. कडी लावून घ्यायचा.”

“तुला काय द्यायचा?”

“बगायचा. आदी कदी बगितलं नव्हतं.”

फौजदारांनी हवालदाराला लिहून घ्यायची खूण केली.

“सांजच्या वर्गात नाव लिवाया शिकले. चार म्हैनं लागलं. सहाव्या चित्राच्या कोपऱ्यात लिवलं. आज काका च्या दिऊन ग्येल्यावर म्या आत आले, तवा त्यानं त्ये बगितलं. लई हसला. म्हनला, तुज्या नावातच नको हाय, ठिवू कशाला? अन् सुरीनं काढलं.”

विजयमालाबाई खिडकीकडं वळल्या.

“म्या म्हनलं, पाचावर केली त्येवढी पुरं. ह्याच्यावर नगं. त्यो च्या प्यायला वळला. काकाची बाटली आनून त्यात ब्रश बुडवला अन् व्हता तितं ठिवला. मनात म्हनलं, न्हाय केली सही तर धुऊन टाकीन.”

“आणि केली,” फौजदार म्हणाले.

“केली. निवांत केली. पयलं अक्षर झालं तवा माज्याकडं बघून हसला बी. ल काढल्यावर म्हनला, दिसंना झालंय गं, जरा खिडकी उघड.”

“उघडलीस?”

“उघडली की. बापच व्हता.”

पाचची एसटी आली. गेणूला घेऊन जायची होती त्या गाडीनं नकोशी गेली. ठमाबाईला आवाज फुटला तो तेव्हा. गेणू मास्तरांच्या पाया पडायला वाकला, आणि वाकता वाकता त्याला पुतणी आठवली. तो तसाच अर्धा वाकलेला राहिला.

८

कोर्टात खून शाबीत झाला आणि चित्रं झाली नाहीत.

नकोशीच्या वकिलानं विनंती केली, की आरोपीला न्यायाधीशांसमोर एक अर्धगोल काढू द्यावा. सरकारी वकील म्हणाले, कोर्टाला फरशी आहे, सारवून घ्यायची गरज नाही. मुंबईहून दोन तज्ज्ञ आले. असा फराटा पॅरिसला दोन वर्षं राहिल्याशिवाय येत नाही, असं त्यांनी शपथेवर सांगितलं. वळं डावीकडं संपतात ह्याला त्यांनी बंडखोरी असं नाव दिलं. विजयमालाबाईंनी आपण हिंदुरावांना रंगवताना पाहिल्याचं सांगितलं.

मास्तरांनी तीन तास साक्ष दिली. सरकारी वकिलांनी त्यांना एकच प्रश्न विचारला.

“चित्रशाळेत आपला नंबर कितवा होता?”

“दुसरा.”

“पहिला कोण?”

कोर्ट हसलं. न्यायाधीशांनीही ओठ दाबले. टाकलेल्या मुलीनं सूडानं बापाला मारलं, एवढं मास्तरांच्या पुराव्यातून घेतलं गेलं, बाकीचं गेलं असूयेच्या खात्यावर. बाई म्हणून फाशी टळली. जन्मठेप झाली.

सहावं चित्र सगळ्यांत गाजलं. ‘खल’ ही सही नसून कलावंतानं स्वतःला सुनावलेली शिक्षा आहे, असा एक लेख आला, आणि मग सगळ्यांना ते तसंच दिसू लागलं. दिल्लीच्या एका संग्रहालयानं ते टांगलं. सणसरात हिंदुरावांचा पुतळा बसला. त्याच्या उजव्या हातात ब्रश आहे.

दोन वर्षांनी मास्तर तुरुंगात नकोशीला भेटायला गेले. त्यांनी आदल्या महिन्यात संग्रहालयाला पत्र घातलं होतं. सहाव्या चित्राचा डावा कोपरा तिरप्या उजेडात पाहा, सहीखाली नाव आहे, चित्र काढणारीचं. उत्तर त्यांच्या खिशात होतं. लक्ष वेधल्याबद्दल संग्रहालय आभारी होतं. त्या जागी ओरखडे खरोखरच आढळले होते. ते भरून, घासून, जागा आता संपूर्ण गुळगुळीत करण्यात आली होती.

नकोशी जाळीमागं उभी होती. कोपरापर्यंत हात चिखलानं भरलेले. बराकीच्या भिंती लिंपायचं काम तिच्याकडंच असे. दर दिवाळीला त्यांवर चुना मारला जाई, तोही तिच्याकडूनच.

“बरी हायेस का, पोरी?” मास्तर आता तिच्याशी तिच्याच बोलीत बोलत.

“बरी हाय. हितं कोन हात बघत न्हाय.” मग ती जाळीजवळ सरकली. “मास्तर, तुमी दिल्लीला लिवनार व्हता. तितं माजं नाव काढलं का कुनी?”

मास्तरांनी खिशावर हात ठेवला. कागद होता तिथंच होता.

“काढलं,” ते म्हणाले.

“समदं?”

“समदं.”

नकोशी हसली. मास्तरांनी तिला हसताना तेव्हा पहिल्यांदा पाहिलं. बाप हसायचा तशीच हसत होती.